आरतीआधी उठायचं नाही

श्यामकांतच्या परीक्षेला कागद-पेन्सिल लागत नव्हती. चौदा माणसं घेऊन शोभाबाजारहून निघायचं, तीन तास पायी गल्लीबोळ दाखवायचे आणि बागबाजारच्या घाटावर चौदाच्या चौदा पोचवायची, एवढंच. हे बंगाली शहर दाखवण्यासाठी निरनिराळ्या भाषांतले वाटाडे नेमायचं एका कचेरीनं ठरवलं होतं आणि मराठीसाठी जागा होती एक. परीक्षक लाहिडीबाबूंना मराठीचा गंध नव्हता. पण गृहस्थ हुशार. त्यांनी नियम काढला की वाटाड्या चांगला की वाईट हे ऐकणाऱ्यांच्या पायांवरून ओळखायचं. कंटाळलेली माणसं गळतात. तेव्हा निघताना डोकी मोजायची आणि पोचल्यावर डोकी मोजायची.

श्यामकांत दोनदा नापास झाला होता. पहिल्या खेपेला नऊ पोचले. दुसऱ्या खेपेला सहा, आणि त्यातली एक त्याची आई.

आता तिसरी खेप, आणि शेवटची. हीसुद्धा गेली तर नागपूरला मामांच्या छापखान्यात जायचं ठरलं होतं. आम्ही बदलीवाले, आज इथं बेहाल्यात, उद्या भोपाळला. आमचं काय अडतं? पण हा मुलगा इथंच जन्मलेला, डमडमला वाढलेला. त्याचे आजोबा साठ वर्षांपूर्वी इथं आले आणि परत गेले नाहीत. हा पाणी पितो म्हणत नाही, बंगाल्यांसारखं पाणी खातो म्हणतो. शोभाबाजारातल्या प्रत्येक ओट्याला हा नावानं ओळखतो. याला नागपूरला नेऊन लावायचं म्हणजे कुंडीत माड लावण्यातला प्रकार.

त्याची आई शकुनताई माझ्याकडे येऊन रडली, तेव्हा मी म्हटलं, "पाठवा त्याला. बघू तरी काय बोलतो ते."

आला. आमच्या पुढच्या खोलीत उभा राहिला आणि सुरू झाला, "इसवी सन सोळाशे नव्वद..." श्रीधरपंत, म्हणजे आमचे हे, सतराशे सत्तावन्न येईपर्यंत झोपले होते. बँकेतल्या मीटिंगमध्येसुद्धा इतके लवकर झोपत नाहीत.

"श्यामकांत," मी म्हटलं, "तू जे काय आहे ते पहिल्याच ओट्यावर सांगून मोकळा होतोस. मग माणूस दुसऱ्या ओट्यापर्यंत येईल कशाला?"

"मग काय करू, काकू?"

"कीर्तन कर."

माझं माहेर मिरजेचं. रामनवमीचे नऊ दिवस आम्ही पोरी देवळात पुढची जागा धरून बसायचो. तिथं मी एक गोष्ट शिकले. बुवा हरिणाला वाघाच्या जबड्यापर्यंत आणतात, वाघ झेप घेतो, आणि तेवढ्यात बुवा उपरणं सावरतात, पेटीवाल्याकडे बघतात, घोटभर पाणी पितात. वाघ हवेत. तो हवेत आहे तोवर देवळातून कुणी उठेल तर शपथ! आणि कीर्तनाचा कायदाच आहे की एकदा बुवा उभे राहिले की आरती होईपर्यंत उठायचं नाही. मध्येच उठणं म्हणजे देवाकडे पाठ फिरवणं. आमच्या देवळात तर तान्ही पोरंसुद्धा आरतीपर्यंत कळ काढायची.

पंधरा दिवस तालीम केली. कुठं हात वर न्यायचा, कुठं आवाज खाली आणायचा, कुठं गप्प राहायचं. गप्प राहायला त्याला सगळ्यात वेळ लागला. आजोबांकडून ऐकलेली एक कथा त्याच्याजवळ होती, खरी की खोटी देव जाणे. तिचे आम्ही पाच तुकडे केले आणि पाच ठिकाणी टांगले. मधल्या वाटेसाठी, कीर्तनात म्हणतात तशी, एक साकीसुद्धा रचली.

परीक्षेचा दिवस आला तो नेमका संक्रांतीचा, त्र्याहत्तर सालातला, रविवार. चौदा मराठी मंडळींतल्या आम्ही सहाही बायका रिवाजाप्रमाणे काळ्या साड्या नेसून शोभाबाजारात उतरलो. माझ्या पिशवीत निरांजन, बुक्क्याची डबी आणि झांजा. श्रीधरपंतांकडे तिळगुळाचा पत्र्याचा डबा. ट्राममधून उतरताना एका बंगाली बाईनं आमच्याकडे बघून हळूच विचारलं, कोण गेलं म्हणून. "आज आमचा सण आहे," असं सांगितल्यावर ती आणखीच काळजीत पडली.

लाहिडीबाबू आधीच हजर होते. माकडटोपी, काखेत छत्री, हातात वही. त्यांनी आमच्यातल्या प्रत्येकाच्या डोक्याच्या दिशेनं पेन्सिल रोखली आणि लिहिलं, चौदा.

मी लगेच चौदाजणांना बुक्का लावला. "ऐका हो. हे कीर्तन आहे. आरती माझ्या पिशवीत आहे आणि ती घाटावर निघेल. आरतीआधी उठायचं नाही!"

"वहिनी, उठायचं कसं?" रेल्वेतले मनोहरपंत म्हणाले. "आपण बसलोयच कुठं?"

"तुम्हाला बरोबर कळलंय," त्यांच्या शैलाताई म्हणाल्या. "मिठाईचं दुकान दिसलं की पाय आपोआप आत वळतात ना, ते वळवायचे नाहीत."

मागच्या दोन्ही खेपांना पहिले गळाले होते ते मनोहरपंत. हिवाळ्यात खजुराच्या नव्या गुळाची संदेश नावाची मिठाई येते, आणि तिचा वास त्यांना दोन गल्ल्या अलीकडून लागतो.

श्यामकांत एका जुन्या हवेलीच्या ओट्यावर चढला. दारावर चुन्याचे दोन सिंह, एकाचं नाक पडलेलं. त्यानं घसा साफ केला आणि तोंडातून आलं, "इसवी सन..."

मी झांज वाजवली. एकदाच, पण खणखणीत.

तो थांबला. माझ्याकडे बघितलं. उपरणं सावरलं. आणि आवाज एकदम खाली आणून म्हणाला, "या आळीत दोन बाबू राहत होते. एकाचं नाव मोठं. दुसऱ्याचं नाक मोठं."

मनोहरपंत संदेशाच्या दिशेनं निघाले होते, ते वळले.

"दोघांच्या घरी दुर्गा बसायची. दोघांचं म्हणणं, माझी देवी मोठी. विसर्जनाच्या दिवशी एक निघाला वरच्या घाटाला, दुसरा निघाला खालच्या घाटाला. मधे बोळ. हा समोर दिसतोय, हाच. मोजा, सहा हात. या टोकानं एक देवी आत शिरली, त्या टोकानं दुसरी. आणि मधोमध दोघी तोंडासमोर तोंड येऊन अडकल्या! माणूस खालून वाकून जाईल, देवी कशी जाणार? निघालेली देवी घराकडे मागं फिरवणं म्हणजे केवढा अपशकुन. आणि मागं फिरलं तर नाव जाईल, नाक जाईल. ढोल थांबले. दोन्ही बाबू आपापल्या देवीच्या पाठीमागून ओरडताहेत, आधी तू हट! अंधार पडत आला..."

इथं तो गप्प बसला. काय सुंदर गप्प बसला! मग म्हणाला, "चला, देवी बनते कशी ते आधी कुमारटोळीत बघू."

"अरे, पण पुढं काय झालं?" मनोहरपंत ओरडले.

"पुढं म्हणजे पुढं, काका. इथं नाही."

आणि अहो, चौदाच्या चौदा त्याच्यामागं चालू लागले. शेजारच्या ओट्यावर उन्हाला बसलेली एक म्हातारी हे सगळं बघत होती. पांढरंशुभ्र वस्त्र, तोंडात पान, सत्तरीच्या पुढची. "की बोलछे?" काय सांगताय म्हणून तिनं श्यामकांतला विचारलं. त्यानं दोन वाक्यांत तिला बंगालीत गोष्ट सांगितली आणि तिथंच सोडली. म्हातारीनं पान गालात सरकवलं. "तारपोर?" म्हणजे, मग पुढं?

"पुढं पुढच्या वळणावर, ठाकुरमा."

ठाकुरमा, म्हणजे आजीबाई, उठल्या, काठी घेतली आणि आमच्यामागून निघाल्या.

दुसऱ्या वळणावर बोळात अडकलेल्या देवींना भूक लागली म्हणून गल्लीतल्या बायकांनी खिडक्यांतून नैवेद्य दाखवला. तिसऱ्या वळणावर दोन्ही बाबूंनी कोर्टातून वकील बोलावले आणि वकीलही बोळात अडकले. प्रत्येक वळणावर श्यामकांत आधी मराठीत सांगायचा, मग मागच्यांसाठी बंगालीत. कारण मागं आता ठाकुरमा एकट्या नव्हत्या. दाढी करताना उठून आलेले एक गृहस्थ होते, अर्धा गाल साबणाचा. त्यांच्यामागं त्यांचा न्हावी. भाजीची पिशवी घेतलेल्या दोघी जावा. "तारपोर? तारपोर?" सगळी गल्ली विचारत होती.

कुमारटोळीत सरस्वतीपूजेची घाई चाललेली. बांबूच्या पडव्यांतून ओळीनं मूर्ती, काही नुसत्या गवताच्या, काही ओल्या मातीच्या, सगळ्या बिनडोळ्यांच्या. ओली माती, सरस आणि गवत यांचा तो वास! एक कारागीर हंसाची मान सरळ करत होता. श्यामकांतनं त्याला नमस्कार केला, माझ्याकडे बघितलं आणि साकी लावली:

मातीमधुनी देवी उठते, वीणा हाती घेता ।
आधी काडी, मागुन माती, शेवट डोळे देता ॥

शैलाताईंनी झांजा माझ्या हातातून हिसकावल्याच. आम्ही चौदाजणांनी दुसरी ओळ उचलली, एकदा, दोनदा, मग लय दुप्पट. न्हावी पितळी वाटीवर वस्तरा धरून ताल देऊ लागला. कारागिरांनी ओल्या हातांनी टाळ्या दिल्या. "होरिबोल!" कुणीतरी ओरडलं, आणि बंगाली माणूस गाणं म्हणत उभा राहतोय होय? ते चालूच लागले, नाचत, हात वर करून. आमच्याकडे बुवा एका जागी उभे आणि श्रोते बसलेले. इथं सगळं रस्त्यानं निघालेलं. आयुष्यात मी चालतं कीर्तन पाहिलं नव्हतं. डोळ्यांत पाणी आलं आणि पायांत काय आलं ते सांगायला लाज वाटते. श्रीधरपंत म्हणाले, "अगं, तू नाचतेयस." मी म्हटलं, "तुम्ही डबा सांभाळा."

लाहिडीबाबू एका बाजूनं चालत होते. चेहरा कोरा. पण छत्रीचं टोक फरशीवर ठेक्यात आपटत होतं, हे मी पाहिलं.

बागबाजार आलं. घाट उरला पाचच मिनिटांवर. चौथा तुकडा सांगून झाला होता आणि शेवटचा तेवढा घाटासाठी राखला होता. श्यामकांतच्या चेहऱ्यावर प्रथमच हसू दिसलं. आणि तिथं घात झाला.

वाटेतल्या एका देवळात, ठाकुरबाडीत, दुपारचा भोग लागला. शंख वाजला, घंटा वाजली, काशाच्या थाळीवर टोले पडले, आणि पुजारी पाच वातींचा दिवा ओवाळून थेट दारापर्यंत घेऊन आला. गर्दी दिसल्यावर बिचाऱ्याला वाटलं, हे सगळे त्यासाठीच आलेत.

अठ्ठावीस हात पुढं झाले. ज्योतीवर फिरले, डोळ्यांना लागले, कपाळाला लागले.

आणि आरती घेतल्यावर काय करायचं असतं? पन्नास पन्नास वर्षांची सवय हो! डोक्याला विचारावंच लागत नाही. कीर्तन संपलं. चला, चपला शोधा, घरी कुकर लावायचाय. दोघी ट्रामच्या थांब्याकडे निघाल्या. दोघे पान खायला. शैलाताई त्या दोघी जावांबरोबर भाजीचा भाव विचारायला. शकुनताई, पोटची आई, नमस्कार करून घाटाच्या उलट दिशेला! मनोहरपंत कुठल्या गल्लीत गेले ते तर कुणी पाहिलंही नाही. दुसऱ्यांना कशाला नावं ठेवू? मी स्वतः देवळाच्या पायरीशी वाकून माझ्या चपला शोधत होते. त्या माझ्या पायांतच होत्या.

सरळ झाले तर रस्ता रिकामा. बंगाली मंडळीही आरती घेऊन पांगलेली. श्यामकांत पायरीवर बसला होता. समोर लाहिडीबाबू घड्याळ बघत उभे.

"काकू," श्यामकांत हळूच म्हणाला, "नागपूरला उन्हाळा फार असतो का हो?"

माझाच कायदा, आणि मीच त्याच्या गळ्यात बांधलेला. रामराया, म्हटलं, मुलगा चांगला आहे, चूक माझी आहे, आता तूच काहीतरी सुचव. आणि त्याच्या मनात असलं की तो सुचवतोच. आरती झाली खरी. पण आरतीनंतर काय असतं, ज्यासाठी कुठलाही मराठी माणूस चप्पल घातलेली असली तरी परत फिरतो?

श्रीधरपंतांच्या हातातला डबा घेतला, मुठीनं त्यावर दणादण ठोकलं आणि मिरजेच्या देवळापर्यंत पोचेल अशा आवाजात ओरडले, "प्रसाद राहिलाय होऽऽ! प्रसाद घेतल्याशिवाय कुठं चाललात?"

ट्रामच्या पायरीवर ठेवलेला एक काळ्या साडीतला पाय खाली आला. पानवाले आले. शैलाताई हातात मुळ्याची जुडी घेऊन धावत आल्या. शकुनताई तर रडतच आल्या, "अगं बाई, मी काय करून बसले!" आणि प्रसाद हा शब्द बंगाल्यांनाही कळतो. साबणाचे गृहस्थ आले, त्यांचा गाल आता वाळला होता. न्हावी आला, ठाकुरबाडीतले लोक आले, खुद्द पुजारी आला. मी डबा छातीशी धरला आणि चालू लागले. "घाटावर मिळेल! घाटावर!"

घाटावर साठ-सत्तर माणसं झाली. गंगा शांत, वर हिवाळ्याचं ऊन. एकेकाच्या हातावर तिळगुळाचा लाडू ठेवत गेले. लाहिडीबाबूंनी बायकोसाठी आणखी एक मागितला आणि वहीतलं पान फाडून त्यात गुंडाळून खिशात टाकला. मग पेन्सिल काढली.

"काळ्या साड्या, सहा," ते हिंदीत म्हणाले. "पुरुष..." पुन्हा मोजलं. "सात."

तेरा.

शैलाताईंनी कपाळावर हात मारला. "हे नाहीत! अहो, हे कुठं गेले?"

"नियम आहे," लाहिडीबाबू म्हणाले. आवाज मऊ होता, पण पेन्सिल तशीच रोखलेली होती.

मी घाटाच्या पायऱ्या वरखाली धुंडाळून आले. पण श्यामकांत शांत होता. "सर, गोष्टीचा शेवट राहिलाय. एवढी माणसं त्यासाठी आलीत. तेवढा सांगू द्या, मग लिहा."

"तारपोर?" गर्दीतून ठाकुरमा म्हणाल्या.

तो वरच्या पायरीवर चढला. "रात्र झाली. दोन देव्या तशाच समोरासमोर. तेवढ्यात नाकवाल्याच्या घरची स्वयंपाकीण पुढं आली. म्हणाली, बाबू, देवी जाऊ शकत नाही, पण माणूस खालून वाकून जाऊ शकतो ना? मग तुमची माणसं त्या बाजूला जाऊ देत, त्यांची या बाजूला येऊ देत. तुम्ही त्यांची देवी उचला आणि तुमच्या घाटाला न्या. त्यांनी तुमची उचलावी आणि त्यांच्या घाटाला न्यावी. कुणीच मागं फिरलं नाही, कुणाचं नाव गेलं नाही, कुणाचं नाक गेलं नाही. बाबू म्हणाले, पण ती त्यांची देवी! स्वयंपाकीण म्हणाली, असं? तिच्या कपाळावर लिहिलंय वाटतं?"

त्यानं तेच बंगालीत सांगितलं आणि घाट हसण्यानं दणाणला. न्हाव्यानं वाटी वाजवली. पुजाऱ्यानं शंख आणला नव्हता म्हणून तोंडानंच वाजवला.

हसला नाही तो एकच चेहरा, ठाकुरमांचा. त्या विचार करत होत्या. मग काठी टेकत पुढं आल्या आणि त्यांनी लाहिडीबाबूंची बाही धरली.

"ए बाबा. यांचा एक माणूस कमी आहे ना? जाडसर, चष्मेवाला?"

"हो."

"तो माझ्या घरी आहे. इथंच मागच्या गल्लीत; शोभाबाजारला मी लेकीकडे गेले होते. मी मघाशी शाल घ्यायला डोकावले तर तव्यावरच्या गोड पिठ्यांचा वास घेत दारात उभा होता. सणाच्या दिवशी दारातला माणूस उपाशी पाठवायचा का? थोरल्या सुनेनं पाट मांडला. मी निघाले तेव्हा नारळ भरलेला चौथा पाटीशापटा चालला होता." मग त्या आम्हा काळ्या साड्यांच्या मधोमध येऊन उभ्या राहिल्या, पांढऱ्याशुभ्र. "यांचा माणूस माझ्या घरी. मी यांच्यात. आता मोज."

"पण ठाकुरमा, तुम्ही तर बंगाली!" लाहिडीबाबू म्हणाले.

ठाकुरमांनी आपल्या कपाळावर बोट ठेवलं. "इथं लिहिलंय?"

पुढं जो गोंधळ झाला तो काय सांगू! "मोजा! मोजा!" सगळा बागबाजार ओरडत होता. शैलाताई ठाकुरमांच्या गळ्यात पडल्या. लाहिडीबाबूंनी माकडटोपी काढली, डोकं खाजवलं, आणि त्या कोऱ्या चेहऱ्याला एका बाजूनं तडा गेला. ते हसत होते. "शोभाबाजारहून चालत आली ही बाई," ते म्हणाले, "भाषा येत नसताना. हिला मोजायचं नाही तर कुणाला?"

त्यांनी वही उघडली. पान नव्हतं. आकडा लिहायचं पान फाडून त्यातच लाडू बांधला होता! खिशातून पुडी निघाली, लाडू माझ्या हातावर आला, कागद गुडघ्यावर पसरला. तुपाच्या डागावर पेन्सिल काही उठेना. शेवटी डागाच्या बाजूला, कोपऱ्यात, त्यांनी लिहिलं: चौदा. खाली सही केली.

श्यामकांत त्यांच्या पाया पडला, मग माझ्या, मग आईच्या, मग ठाकुरमांच्या, आणि घाईघाईत न्हाव्याच्याही पडला.

तेवढ्यात वरून हाक आली. मनोहरपंत. हातात झाकलेलं ताट, मिशीला नारळाचा कीस. "सोडतच नव्हत्या हो सुना! सगळ्यांसाठी दिलंय! मी आलो, मोजा मला!"

"नको!" लाहिडीबाबू दोन्ही हात वर करून ओरडले. "तुम्ही आहात तिथंच थांबा! पंधरा होतील!"

मनोहरपंत एक पाय हवेत ठेवून तिथंच थांबले. शैलाताईंनी वर जाऊन ताट तेवढं घेतलं.

मग मी पिशवीतून निरांजन काढलं. वाऱ्यावर वात टिकेना, तर पुजाऱ्यानं ओंजळीचा आडोसा धरला. आमची आरती, त्यांच्या टाळ्या, दोन्ही मिळून गंगेवर गेलं. ज्योत सगळ्यांपर्यंत फिरली. लाहिडीबाबूंनी डोळ्यांना लावली, मनोहरपंतांनाही वर नेऊन दिली.

खरी आरती झाली. आता उठायला कुणाची ना नव्हती. मी वाट बघितली. पायऱ्यांवर एका ओळीत काळ्या साड्या, मध्ये एक पांढरी, माकडटोपी, न्हावी, साबणाचा वाळलेला गाल. ताट हातोहात फिरत होतं.

"तारपोर?" ठाकुरमा श्यामकांतला म्हणाल्या. "त्या स्वयंपाकिणीचं पुढं काय झालं?"

कुणीही उठलं नाही.